पिवळ्या फुलाचे गोड मूळ

(हीरक महोत्सवी वर्षातील माजी विद्यार्थी-पालक मेळाव्यात मुख्याध्यापिकांनी केलेले भाषण)



आपली शाळा साठ वर्षांची झाली. अशा प्रसंगी मुख्याध्यापिकेने शाळेच्या वाटचालीचा आढावा घ्यावा, अशी प्रथा आहे. तो आढावा स्मरणिकेत सविस्तर येणारच आहे. म्हणून मी आज एक वेगळा विषय घेऊन आपल्यापुढे उभी आहे. विषय आहे एक रानटी वनस्पती. ती आपल्याकडे उगवत नाही आणि मराठीत तिला रूढ नावही नाही. तरीही तिच्याविषयी बोलावेसे वाटले, याला कारण आहे. पहिलीच्या प्रवेशाच्या दिवसांत दरवर्षी कोणीतरी तरुण आई किंवा वडील माझ्यासमोर बसतात आणि जरा चाचरत विचारतात, “बाई, मराठी माध्यमात घातलं तर मूल मागे तर पडणार नाही ना?” विचारणाऱ्यांत आपले माजी विद्यार्थीही असतात. या प्रश्नाचे उत्तर मी आजवर अनेक प्रकारे दिले आहे. यंदा त्या उत्तराला या वनस्पतीची जोड मिळाली.

तिचे शास्त्रीय नाव पोटेंटिला अँसेरिना. लिनिअस या स्वीडिश शास्त्रज्ञाने ते १७५३ मध्ये नोंदवले. ‘पोटेंटिला’ या शब्दाच्या मुळाशी सामर्थ्य असा अर्थाचा लॅटिन शब्द आहे. या गटातील वनस्पती औषधी मानल्या जात, त्यावरून तो आला. ‘अँसर’ म्हणजे कलहंस. अलीकडे काही अभ्यासक तिला पोटेंटिलाच्या गटातून वेगळी काढून ‘अर्जेंटिना’ असे नाव देतात. त्याचा अर्थ रुप्यासारखी. पानांच्या खालच्या अंगावर दाट पांढरी लव असते आणि वाऱ्याने पाने उलटली की सगळे कुरण रुपेरी दिसते, त्यावरून हे नाव पडले.

ही वनस्पती गुलाबाच्या कुळातली आहे. गुलाब, सफरचंद, नाशपाती, जर्दाळू, बदाम आणि आपल्या महाबळेश्वरची स्ट्रॉबेरी ही सारी तिची भावकी. तिला पाच पाकळ्यांचे पिवळेधमक फूल येते. एका लांब देठावर एकच. पान पिसासारखे, दातेरी कडांच्या पर्णिकांचे. झाड असे म्हणावे तर ती वीतभरही उंच होत नाही, जमिनीला बिलगून राहते. युरोप, उत्तर अमेरिका, मध्य आशिया आणि तिबेटचे पठार अशा थंड प्रदेशांतील ओलसर कुरणे, नद्यांचे काठ, वाटांच्या कडा ही तिची वस्ती. हिवाळ्यात वरची पाने मरून जातात. जमिनीखालचे मूळ जिवंत राहते आणि बर्फ वितळला की त्यातून पुन्हा पालवी फुटते. वनस्पतिशास्त्र अशा वनस्पतींना बहुवर्षायू म्हणते.

तिचे पसरणे मोठे पाहण्यासारखे असते. मधल्या रोपापासून लालसर, दोरीसारखी बारीक खोडे जमिनीवरून चहूकडे धावतात. अशा धावत्या खोडाच्या प्रत्येक पेऱ्यावर पानांचा लहानसा झुपका येतो आणि खाली मुळे सुटतात. ती मातीत शिरली, की नवे रोप स्वतःच्या बळावर उभे राहते. मग मधले खोड वाळून तुटले तरी त्याचे काही बिघडत नाही. आपल्याला हे दृश्य अपरिचित नाही. गणपतीला वाहायच्या दूर्वा खुडताना हरळीचा तोच स्वभाव आपण पाहतो. रताळ्याचा वेलही जिथे टेकेल तिथे मूळ धरतो. महाबळेश्वर-पाचगणीचे शेतकरी स्ट्रॉबेरीची रोपे याच रीतीने वाढवतात. त्या धावत्या खोडाला ते ‘रनर’ म्हणतात. मातृरोपाचे रनर पिशवीतल्या मातीवर टेकवले जातात, त्यांनी मूळ धरल्यावर ते कापून वेगळे केले जातात. मूळ धरण्याआधी कापले तर रोप हाती लागत नाही. शेतकऱ्याला हे कोणी शिकवावे लागत नाही. आपल्याला मात्र मुलांच्या बाबतीत ते पुन्हा पुन्हा स्वतःला सांगावे लागते. त्याकडे मी पुढे येईन.

या वनस्पतीचे मूळ खाण्याजोगे आहे. स्कॉटलंडच्या डोंगराळ भागात आणि पश्चिमेकडील बेटांवर बटाटा पोहोचण्यापूर्वी गोरगरीब तिची मुळे उकडून, भाजून, दळून खात. कॅनडाच्या पश्चिम किनाऱ्यावरील आदिवासी समाज तिच्या जवळच्या बहिणीची मुळे खाडीकाठच्या राखलेल्या वाफ्यांत जोपासत. प्रत्येक कुटुंबाचा वाफा ठरलेला असे. या मुळाला खरा मान मिळाला तो तिबेटमध्ये. तिथे तिला ‘ड्रोमा’ म्हणतात. पठारावरील थंडीत तिची मुळे जागोजागी फुगून मण्यांसारखी होतात. वसंतात पाने फुटण्याआधी आणि शरदात पाने वाळल्यावर ती खणून काढतात, धुऊन वाळवतात. शिजल्यावर त्यांची चव रताळ्यासारखी गोडसर, किंचित कवचफळासारखी लागते. ‘लोसार’ या तिबेटी नववर्षाच्या सकाळी भात, लोणी, साखर आणि ड्रोमा एकत्र करून ‘ड्रेसिल’ नावाचा गोड भात करतात. आपल्याकडे पाडव्याला गुढीपुढे कडुनिंबाची पाने आणि श्रीखंड-पुरणपोळी असते, तसाच तिथे हा भात. तो शुभ मानला जातो आणि नववर्षाची सुरुवात त्याने होते.

आता आपण विचाराल, तिबेटच्या पठारावरील ही वनस्पती बाईंना भेटली कुठे? ती भेटली कर्नाटकात, म्हैसूर जिल्ह्यात.

यंदा नववीची शैक्षणिक सहल म्हैसूर आणि कोडगू भागात गेली होती. वाटेत पिरियापट्टण तालुक्यातील बेट्टदपुर या गावी आम्ही थांबलो. कन्नडमध्ये ‘बेट्ट’ म्हणजे डोंगर. बेट्टदपुर म्हणजे डोंगराचे गाव. भोवताली तंबाखूची शेते आणि पाने भाजण्याच्या उंच भट्ट्या, मध्ये एकटाच उठलेला डोंगर आणि माथ्यावर सिडिलु मल्लिकार्जुनाचे मंदिर. ‘सिडिलु’ म्हणजे वीज. मुले पायऱ्या चढून वर गेली. गुडघ्यांचा विचार करून मी पायथ्याशीच राहिले आणि त्यामुळेच गावातील एका निवृत्त शिक्षकांशी निवांत बोलणे झाले.

बेट्टदपुर हे संकेती समाजाचे एक जुने गाव आहे. हा समाज काही शतकांपूर्वी आजच्या तमिळनाडूतील सेंगोट्टई परिसरातून कर्नाटकात आला, असे मानले जाते. त्याच्या एका शाखेला ‘बेट्टदपुर संकेती’ असेच म्हणतात. त्यांची घरची भाषा संकेती. ती तमिळ आणि मलयाळमच्या जवळची. शतकांच्या शेजाराने तिच्यात कन्नड भरपूर मिसळली आहे. तिला स्वतःची लिपी नाही, तिच्या शाळा नाहीत, तिच्यातून परीक्षा द्यावी लागत नाही आणि नोकरीही मिळत नाही. तरीही ती शतकानुशतके टिकली ती केवळ घरात. आजीने नातवाला संकेतीत हाक मारली, नातवाने संकेतीत ओ दिली, एवढाच तिचा आधार. ते शिक्षक शांतपणे म्हणाले, “माझी नातवंडे बेंगळुरूला असतात. मी संकेतीत बोललो की त्यांना सगळे समजते. उत्तर मात्र कन्नडमध्ये किंवा इंग्रजीत येते.” त्यांच्या बोलण्यात तक्रारीचा सूर नव्हता. पण इथे बसलेल्या अनेक आजी-आजोबांना हे वाक्य ऐकून आपले घर आठवले असेल. हाक गेली आणि ओ दुसऱ्या भाषेतून आली, की भाषेची एक पिढी संपत आली असे समजावे.

त्याच तालुक्यात, कावेरीच्या अलीकडे, बैलकुप्पे हे गाव आहे. १९५९ नंतर तिबेट सोडून आलेल्या लोकांना वसण्यासाठी तेव्हाच्या म्हैसूर राज्याने तिथे सुमारे तीन हजार एकर जमीन दिली आणि १९६१ च्या सुमारास पहिली वसाहत उभी राहू लागली. म्हणजे आपली शाळा त्या वसाहतीहून काही वर्षांनीच धाकटी आहे. बर्फाळ पठारावरून आलेली माणसे दक्षिणेच्या उष्ण हवेत, जंगल साफ करत, तंबूत राहत मक्याची शेती शिकली. पुढे कर्नाटकात मुंडगोड, हुणसूर आणि कोळ्ळेगाल भागांत अशा वस्त्या झाल्या. आपल्या महाराष्ट्रातही गोंदिया जिल्ह्यात गोठणगावजवळ १९७२ पासून नॉर्ग्येलिंग ही तिबेटी वसाहत आहे, हे आपल्यापैकी अनेकांना ठाऊक नसेल.

बैलकुप्प्याच्या बाजारात एका दुकानात आमच्या मुलींना पिशवीत भरलेली बारीक, तपकिरी, वाकडीतिकडी मुळे दिसली. दुकानातील वृद्ध बाईंना एका मुलीने हिंदीत विचारले, “आजी, हे काय आहे?” आजींनी नाव सांगितले, लोसारचा भात कसा करतात ते सांगितले. मुलीने पुढचा प्रश्न विचारला, “हे तुम्ही इथेच लावता का?” आजी हसल्या. इथे ते होत नाही, त्याला थंडी लागते. ते तिकडूनच येते, असे त्या म्हणाल्या. आमच्याशी हिंदीत बोलता बोलता त्यांनी शेजारच्या भाजीवाल्याशी कन्नडमध्ये हिशेब केला आणि आत अभ्यास करणाऱ्या नातीला तिबेटीत काहीतरी सांगितले. नातीने तिबेटीतच उत्तर दिले. त्या नातीचा जन्म इथला, बहुधा तिच्या आईवडिलांचाही इथलाच. तिने ड्रोमाचे पिवळे फूल कुरणात फुललेले कधी पाहिले नसेल. तिच्या नववर्षाच्या ताटात मात्र ते मूळ असते.

परतीच्या प्रवासात मी त्या ताटाचा विचार करत होते. त्यातील भात या देशातला. साखर, मनुकेही इथलेच. मूळ तेवढे तिकडचे. ताट अर्धे इथले, अर्धे तिथले. आणि खाणाऱ्याला त्यात कसलीही विसंगती वाटत नाही.

पालकहो, ‘मूल मागे पडेल का’ या प्रश्नात एक गृहीत दडलेले असते. मराठी आणि इंग्रजी या जणू तराजूच्या दोन पारड्यांत आहेत, एक वर गेले की दुसरे खाली जाणारच, असे आपण धरून चालतो. त्या आजींच्या नातीपुढे हा तराजू नाही. तिबेटी मुलांसाठी १९६० मध्ये मसुरीला पहिली शाळा निघाली. १९६१ मध्ये भारत सरकारच्या शिक्षण मंत्रालयाने त्यांच्या शाळांसाठी स्वतंत्र स्वायत्त संस्था स्थापन केली. त्या शाळांत मुले तिबेटी शिकतात, इंग्रजी शिकतात, हिंदीही शिकतात. देश गमावलेल्या, हाती काहीही नसलेल्या लोकांनी पहिल्या काही वर्षांतच शाळा मागितल्या आणि त्या शाळांत आपली भाषा असावी हा आग्रह धरला. इंग्रजीची गरज आपल्यापेक्षा त्यांना अधिक होती. ती त्यांनी नाकारली नाही. तिच्यासाठी आपली भाषा सोडलीही नाही. आज तिथलीही तरुण मंडळी शहरांत आणि परदेशांत जात आहेत आणि वस्त्यांतील शाळांचा पट घटतो आहे. संकट त्यांनाही आहेच. पण ते संकटाला संकट म्हणतात आणि त्यावर बोलतात.

मूल आधी घरच्या भाषेत शिकले, की पुढे दुसरी भाषा त्याला अधिक नीट येते, हा शिक्षणशास्त्रातील जुना विचार आहे. युनेस्कोच्या तज्ज्ञांनी १९५३ च्या अहवालात प्राथमिक शिक्षण मातृभाषेतून द्यावे, असे स्पष्ट सांगितले. आपल्या २०२० च्या राष्ट्रीय शैक्षणिक धोरणातही शक्य असेल तिथे किमान पाचवीपर्यंत घरची भाषा हे माध्यम असावे, असे म्हटले आहे. मी तीस वर्षे वर्गात उभी राहिले आहे. आमच्या मुलीला अपूर्णांक मराठीत कळला, की ‘फ्रॅक्शन’ हा शब्द तिला एका दिवसात येतो. शब्द आधी आला आणि अपूर्णांक कळलाच नाही, तर तो शब्द दहावीपर्यंत तिचा पिच्छा पुरवतो. आमच्याकडे आठवीपासून विज्ञान आणि गणित इंग्रजीतून घेण्याची सोय आहे, आणि आमची मुले ती झेपवतात. रनरने आधी मूळ धरावे, मग तो कापावा, असे मी मघाशी म्हटले ते यासाठी. मुलांनी दूर जाऊ नये, असे मला मुळीच वाटत नाही. या सभागृहात बसलेले माजी विद्यार्थी पुण्यात, मुंबईत, बेंगळुरूत, आखातात, अमेरिकेत पोहोचले आहेत, आणि तुम्हाला तिथे पोहोचलेले पाहून शाळेची मान उंच होते. धावणे हा तर त्या वेलीचा धर्मच. प्रश्न एवढाच, की जिथे टेकलात तिथे तुमच्या घरात मराठीने मूळ धरले का?

इथे ड्रोमात आणि भाषेत एक मोठा फरक आहे. ड्रोमा बैलकुप्प्यात उगवू शकत नाही. तिला पठाराची थंडी हवी. म्हणून ते मूळ दरवर्षी दुरून आणावे लागते, विकत घ्यावे लागते, जपून ठेवावे लागते. भाषेचे तसे नाही. ती कोणत्याही हवेत, कोणत्याही मातीत उगवते. सतराव्या शतकात तंजावरला गेलेल्या मराठी माणसांच्या वंशजांच्या घरांत आजही मराठी बोलली जाते. तमिळ प्रदेशाच्या मध्यात साडेतीनशे वर्षे ती जगली. भाषेला लागणारे खत-पाणी फुकट आहे: रोजचे बोलणे. पण ती आपोआप उगवत नाही. ड्रोमा आणायला निदान कोणी विसरत नाही, कारण लोसार तिची आठवण करून देतो. भाषेची आठवण करून देणारा असा सण आपल्याकडे नाही. २७ फेब्रुवारीला आपण मराठी भाषा गौरव दिन साजरा करतो, ३ ऑक्टोबर २०२४ रोजी केंद्र सरकारने मराठीला अभिजात भाषेचा दर्जाही दिला. त्याचा मला मनापासून आनंद आहे. पण हा दर्जा आपल्या स्वयंपाकघरात बोलायला येत नाही. तिथे आपल्यालाच बोलावे लागते.

संकेती भाषेकडे लिपी नाही, शाळा नाही, राज्य नाही. तिबेटी माणसांकडे लिपी आहे, शाळा आहेत, देश नाही. आपल्याकडे यांतले सगळे आहे. सगळे असताना जी गोष्ट हातून जाते, तिचा दोष दुसऱ्या कुणाला देता येत नाही.

आता शाळेविषयी दोन शब्द, कारण ते न बोलता बसणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. मी या शाळेत रुजू झाले तेव्हा पहिलीच्या तीन तुकड्या होत्या. आज एक आहे. इमारत भक्कम आहे, प्रयोगशाळा नवी आहे, शिक्षक मनापासून शिकवतात. बाके मात्र रिकामी आहेत. साठाव्या वर्षी आम्ही उत्सव करतो आहोत आणि पंचाहत्तराव्या वर्षी अमृत महोत्सव व्हावा अशी इच्छा धरतो आहोत. पण तो होईल की नाही, हे देणग्यांवर ठरणार नाही, पहिलीच्या वर्गावर ठरेल.

म्हणून हीरक महोत्सवाच्या निमित्ताने माझ्या तीन विनंत्या आहेत.

पहिली विनंती घरांना. मूल मराठीत बोलले, तर त्याला मराठीत उत्तर द्या, आणि पूर्ण वाक्यात द्या. ‘फिनिश कर’, ‘वॉश कर’ असे अर्धे वाक्य नको. ताट संपव, हात धू, असे म्हणायला वेळ लागत नाही.

दुसरी विनंती माजी विद्यार्थ्यांना. महिन्यातून एका शनिवारी शाळेत या आणि आपले काम मुलांना मराठीत समजावून सांगा. कोणी हृदयरोगतज्ज्ञ आहे, कोणी वायरमन आहे, कोणी बँकेत आहे, कोणी ऊस पिकवतो. आपल्या कामाचे शब्द मुलांच्या कानावर पडू द्या. जे शब्द मराठीत नसतील ते तसेच सांगा. भाषा त्यांनी बाटत नाही. आषाढी एकादशीला आपण रताळे, बटाटा आणि साबुदाणा भक्तीने खातो. ही तिन्ही पिके दूरच्या अमेरिका खंडातून आपल्याकडे आलेली आहेत. परके मूळ आपलेसे करण्याची रीत आपल्याला चांगली अवगत आहे. भीती परक्या मुळाची नाही, आपले मूळ सुकण्याची आहे.

तिसरी विनंती परगावी आणि परदेशी असलेल्यांना. आठवड्यातून एकदा आजी-आजोबांशी होणारा तो व्हिडिओ कॉल मुलांनाच करू द्या, आणि तो मराठीतून होऊ द्या. मुले अडखळतील, चुकतील, ‘तो खुर्ची’ म्हणतील. हसू नका, त्यांच्या वतीने बोलूही नका. आजी ‘ती खुर्ची’ म्हणून सहज पुढे बोलेल, आणि मूल ते उचलेल. व्याकरण असेच शिकले जाते.

आमच्या नववीच्या मुलांनी सहलीहून परतल्यावर एक गोष्ट आपणहून केली. त्या रुपेरी पानाच्या वनस्पतीला मराठीत नाव नाही, हे त्यांना खटकले. फळ्यावर त्यांनी नावे सुचवली: रुपेरी, चांदपान, हंसमूळ, गोडमुळी. बरीच भांडाभांडी झाली आणि शेवटी हात वर करून ‘गोडमुळी’ ठरले. ते कोशात जाईल की नाही, हा वेगळा प्रश्न. पण न पाहिलेल्या फुलाला आपल्या भाषेत नाव द्यावेसे पंधरा वर्षांच्या मुलांना वाटले. ‘मूल मागे पडेल का’ असे विचारणाऱ्या पालकांना यापुढे मी त्या फळ्याविषयी सांगणार आहे. ज्याला आपल्या भाषेत नवे नाव घडवता येते, ते मूल जगात कुठेही मागे पडत नाही, असा माझा अनुभव आहे.

जूनमध्ये पहिलीचे प्रवेश सुरू होतील. आपण आपल्या मुलांना, नातवंडांना घेऊन या. आम्ही वाट पाहतो आहोत.